अपील 'गैरहजेरीत खारीज' झालं म्हणजे नेमकं काय झालं?

तलाक, फस्ख, मेहर किंवा मुलांच्या ताब्याचा खटला कौटुंबिक न्यायालयात संपतो, हरलेली बाजू उच्च न्यायालयात अपील करते, आणि काही वर्षांनी घरी बातमी येते की अपील फेटाळलं गेलं. घरचे समजतात, संपलं सगळं, न्यायाधीशांनी आपलं म्हणणं खोटं ठरवलं. हातातला कागद इंग्रजीत असतो. आमच्या भागातले पुष्कळ पालक उर्दू माध्यमात शिकलेले, मराठी नोटीसच अडखळत वाचतात, मग इंग्रजी हुकूम शाळेतल्या मास्तरांकडे येतो. आम्ही शिक्षक, वकील नव्हे. पण असा हुकूम हातात आला की आम्ही आधी एकच गोष्ट बघतो: अपील ऐकून फेटाळलं, की कुणी हजर नव्हतं म्हणून न ऐकताच खारीज केलं?

ऐकून फेटाळलेल्या हुकुमात कारणं असतात. पुरावा काय होता, खालच्या कोर्टाने काय म्हटलं, ते बरोबर का, असं सगळं पानोपानी येतं. गैरहजेरीत खारीज झालेल्या अपिलाचा हुकूम बहुधा चार-पाच ओळींचा. पुकारा झाला तेव्हा अपीलकर्त्यातर्फे कोणी हजर नाही, मागच्या तारखेलाही नव्हतं, सबब अपील खारीज. वकील मंडळी याला 'डिसमिस फॉर डिफॉल्ट' किंवा नुसतं 'डिफॉल्टमध्ये गेलं' म्हणतात. दोन्हींचा परिणाम बाहेरून सारखा दिसतो, पण पुढची वाट अगदी वेगळी आहे. दुसऱ्या प्रकारात दार उघडता येतं, मात्र त्याला मुदत आहे, आणि बहुतेकांची मुदत गैरसमजातच निघून जाते.

कायद्यात काय लिहिलंय

कौटुंबिक न्यायालयं १९८४ च्या कायद्याने आली. त्याच्या कलम १९ प्रमाणे निकालाविरुद्ध अपील थेट उच्च न्यायालयात जातं आणि ते दोन किंवा जास्त न्यायाधीशांच्या पीठापुढे चालतं. मुदत निकालापासून ३० दिवस. निकालाची प्रमाणित नक्कल मिळायला जे दिवस लागतात ते यातून वजा होतात. शेजारचं कुणी सांगेल की ९० दिवस असतात. ते हिंदू विवाह कायद्याखालच्या अपिलांबद्दल आहे. तिथे मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने २०१६ मध्ये ९० दिवसांची मुदत धरली. १९३९ च्या मुस्लिम विवाह विच्छेद कायद्याखालच्या निकालाला आपण ३० दिवसच धरून चालावं. जिथे कौटुंबिक न्यायालय नाही तिथे असा दावा दिवाणी न्यायालयात चालतो आणि तालुक्याच्या निकालावरचं अपील जिल्हा न्यायालयात जातं. मुदत तिथेही ३० दिवस, आणि गैरहजेरीचे नियमही तेच.

हे नियम दिवाणी प्रक्रिया संहितेच्या ४१ व्या आदेशात आहेत. नियम १७ म्हणतो की अपिलाचा पुकारा झाल्यावर अपीलकर्ता हजर नसेल तर न्यायालय अपील खारीज करू शकतं. 'करू शकतं', म्हणजे केलंच पाहिजे असं नाही. पुष्कळदा न्यायाधीश एखादी तारीख आणखी देतात, पुढच्या वेळी कोणी आलं नाही तर खारीज करू असं बजावतात. इथे 'हजर' म्हणजे स्वतः किंवा वकील, दोघांपैकी एक पुरे.

१९७६ च्या दुरुस्तीने या नियमाला एक स्पष्टीकरण जोडलं गेलं. अपीलकर्ता नसताना न्यायालयाने अपील गुणदोषावर फेटाळायचं नाही. खारीज करायचं तर केवळ गैरहजेरीसाठी करायचं. तुमची बाजू खरी की खोटी यावर शिक्का मारायचा नाही. सर्वोच्च न्यायालयाने १९९६ मध्ये अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम या प्रकरणात हेच सांगितलं. तिथे उच्च न्यायालयाने अपीलकर्त्याचा वकील नसताना प्रकरणाच्या खोलात जाऊन अपील फेटाळलं होतं. सर्वोच्च न्यायालयाने तो हुकूम रद्द केला. म्हणून आम्ही म्हणतो की चार ओळींचा हुकूम बघून खचू नये. तुमचं म्हणणं अजून कोणी ऐकलेलंच नाही.

खालचा हुकूम जागेवर राहतो

पण खचायचं नाही म्हणजे निवांत बसायचं असंही नाही. अपील गेलं की कौटुंबिक न्यायालयाचा हुकूमनामा जसा होता तसा उभा राहतो. अपिलात मिळालेली स्थगितीही अपिलाबरोबर जाते. मुळात नुसतं अपील दाखल केल्याने खालच्या हुकुमाला स्थगिती मिळत नाही, ती वेगळी मागावी लागते. हे न कळल्याने 'अपील चालू आहे ना' म्हणत लोक पैसे भरायचे थांबतात आणि दारात जप्तीचं वॉरंट येतं.

एका बाईचा फस्खचा दावा कौटुंबिक न्यायालयाने नामंजूर केला असं समजा. तिने अपील केलं, मग माहेरच्यांनी दुसऱ्या गावी बिऱ्हाड हलवलं, वकिलाचा फोन लागेना, अपील डिफॉल्टमध्ये गेलं. कायद्याच्या कागदावर ती अजून त्याचीच बायको आहे. उलट, बाईच्या बाजूने विवाह विच्छेदाचा हुकूमनामा झाला आणि नवऱ्याने केवळ तिला अडकवून ठेवायला अपील टाकलं, असंही होतं. असे अपीलकर्ते पहिल्या काही तारखांनंतर दिसत नाहीत. त्यांचं अपील खारीज झालं की बाईचा हुकूमनामा पक्का होतो. पण निकाहाची घाई तिनेही करू नये. नवऱ्याला अपील पुन्हा दाखल करून घ्यायला ३० दिवस असतात. ते संपू द्यावेत, खारजेच्या हुकुमाची प्रमाणित नक्कल हातात ठेवावी, तसा अर्ज आलाय का हे बघून घ्यावं आणि मगच घरच्यांनी पुढचं बोलावं. इद्दतीचा हिशेब कुठल्या तारखेपासून, हे आलिमांना कागद दाखवूनच विचारावं, कारण त्यांना पहिल्या निकालाची तारीख आणि अपिलाची तारीख दोन्ही माहीत असायला हवीत.

मुलांच्या ताब्याचं थोडं निराळं आहे. ताब्याचा हुकूम कायमचा कधीच नसतो. परिस्थिती बदलली, मूल मोठं झालं, आईचं किंवा बापाचं दुसरं लग्न झालं, मुलाची शाळा बदलली, तर त्याच कौटुंबिक न्यायालयात नवा अर्ज करता येतो. त्यामुळे ताब्याचं अपील डिफॉल्टमध्ये गेलं तरी सगळं गेलं असं नाही. फक्त नवा अर्ज चालायला वेळ लागतो, आणि मूल तेवढ्यात मोठं होतं.

मोहल्ल्यात मिटलं, कोर्टात राहिलं

गैरहजेरी नेहमी आळसातून येते असं नाही. आमच्या समाजात तिचं एक मोठं कारण तडजोड हेच आहे, आणि याबद्दल फार कमी बोललं जातं.

होतं असं. कौटुंबिक न्यायालयाने मेहर आणि दागिने परत देण्याचा हुकूमनामा केला. नवऱ्याने अपील केलं. मग जमातीतले चार वडीलधारे बसले, काझीसाहेब आले, अर्ध्या रकमेवर मिटलं, शंभर-पाचशेच्या स्टॅम्प पेपरवर दोघांच्या सह्या झाल्या, पैसे दिले-घेतले. सगळे म्हणाले, आता कोर्टात कशाला जायचं? दोन्ही बाजूंनी तारखेला जाणं थांबवलं. अपील डिफॉल्टमध्ये खारीज झालं. आता कायद्याच्या नजरेत शिल्लक काय? पूर्ण रकमेचा जुना हुकूमनामा. तो बजावायला बारा वर्षांची मुदत असते. उद्या भांडण पुन्हा पेटलं आणि बायकोच्या भावाने दरखास्त टाकली, तर नवरा तो स्टॅम्प पेपर घेऊन कोर्टात उभा राहतो आणि तिथे तो पेपर बहुधा चालत नाही. दिवाणी संहितेच्या २१ व्या आदेशाचा नियम २ असं सांगतो की हुकूमनाम्याची कोर्टाबाहेर झालेली फेड किंवा तडजोड न्यायालयात नोंदवून घ्यावी लागते. नोंद नसलेली फेड दरखास्त चालवणारं न्यायालय मानत नाही. देणेकऱ्याने नोंदीसाठी अर्ज करायचा तर त्यालाही मुदत ३० दिवसांचीच.

दुसरी बाजूही तितकीच कच्ची. बाईचा मेहरचा दावा फेटाळला गेला, तिने अपील केलं, नवऱ्याकडच्यांनी 'देतो, पण केस सोड' असं तोंडी सांगितलं. तिने सोडली. अपील खारीज झालं, पैसे काही आले नाहीत. आता तिच्या हातात ना अपील, ना हुकूमनामा.

मिटवणं चांगलंच. कायद्यालाही तेच हवंय. कौटुंबिक न्यायालयाने आधी समेटाचा प्रयत्न करावा असं त्या कायद्याचं कलम ९ सांगतं. पण मिटलेली गोष्ट कोर्टात सांगितली नाही तर ती कोर्टासाठी घडलेलीच नसते. ज्या अपिलात भांडण चालू आहे त्याच अपिलात दोघांच्या आणि वकिलांच्या सह्यांचं तडजोडपत्र, ज्याला वकील 'कन्सेन्ट टर्म्स' म्हणतात, ते दाखल करायचं आणि त्याप्रमाणे हुकूम घ्यायचा. मग जुना हुकूमनामा बाजूला होतो आणि तडजोडीलाच हुकूमनाम्याची ताकद येते. दारुल कजाचा कागद असेल तर तोही याच मार्गाने आत आणावा. सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०१४ मध्ये विश्व लोचन मदन यांच्या याचिकेवर निकाल देताना म्हटलं की दारुल कजाच्या निर्णयाला किंवा फतव्याला कायद्याचं बंधन नाही, मानायचा तो स्वखुशीने. म्हणजे तिथे झालेला समेट निरर्थक नाही, पण तो टिकवायचा असेल तर त्यावर कोर्टाची मोहोर लागते. आणि हो, संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील नसतं. सही करण्याआधी घरातल्या एखाद्या शिकलेल्या मुलीला तो कागद मोठ्याने वाचून दाखवायला सांगावं.

पुन्हा दार उघडताना

डिफॉल्टमध्ये गेलेलं अपील परत मूळ नंबरवर घेण्याचा अर्ज ४१ व्या आदेशाच्या नियम १९ खाली होतो. मुदत कायद्याच्या अनुच्छेद १२२ प्रमाणे खारीज झाल्याच्या तारखेपासून ३० दिवस. आपल्याला कळल्याच्या तारखेपासून नव्हे. इथेच माणसं फसतात. कळायलाच चार महिने गेले असतील तर अर्जाबरोबर उशीर माफ करण्याचा दुसरा अर्ज जोडावा लागतो, मुदत कायद्याच्या कलम ५ खाली. त्या अर्जाच्या तारखाही सांभाळायच्या असतात. मूळ अपील उशिरा दाखल केलेल्यांचं तर विलंब माफीचा अर्जच डिफॉल्टमध्ये गेला आणि अपिलाला नंबरही पडला नाही, असंही होतं.

अर्जात एकच गोष्ट पटवायची असते: त्या दिवशी न येण्याला पुरेसं कारण होतं. आजारपण असेल तर दवाखान्याचं डिस्चार्ज कार्ड, घरात मयत झाली असेल तर मृत्यूचा दाखला, वकील बदलला असेल तर जुन्या-नव्या वकालतनाम्यांच्या तारखा. 'काही अपरिहार्य कारणामुळे' असं लिहिलेला अर्ज वाचणाऱ्याला काहीच सांगत नाही. घटना तारखेवार लिहाव्यात. खर्चाची रक्कम भरायच्या अटीवर अपील परत घेतलं जातं, त्याची तयारी ठेवावी.

चूक वकिलाची असेल तर? १९८१ चं रफीक विरुद्ध मुन्शीलाल हे प्रकरण यासाठी नेहमी दाखवलं जातं. अलाहाबाद उच्च न्यायालयात वकील हजर नव्हते म्हणून अपील निकालात निघालं. सर्वोच्च न्यायालयाने अपील परत सुरू करून दिलं. त्यामागचा विचार साधा होता: खेड्यातला माणूस वकील नेमतो, फी देतो, आणि आता आपलं काम झालं असं समजून घरी जातो, वकील आला की नाही हे बघायला त्याने दर तारखेला दारात उभं राहावं अशी अपेक्षा करणं बरोबर नाही. खर्चही गैरहजर वकिलाकडून वसूल करायला सांगितला गेला. पण या निकालावर फार भिस्त ठेवू नये. पुढच्या काळात त्याच न्यायालयाने हेही सांगितलं की सगळा दोष वकिलावर ढकलून पक्षकाराला दर वेळी सुटता येणार नाही. शिकलेला, शहरातला, स्वतः चौकशी करू शकणारा माणूस असेल तर न्यायाधीश विचारतातच, तुम्ही वर्षभर एक फोनही केला नाही? म्हणून वकिलाशी झालेलं बोलणं जपून ठेवावं. व्हॉट्सॲपवरचा 'सर, पुढची तारीख कधी?' एवढा मेसेजही पुढे कामाला येतो.

उशिराच्या बाबतीत १९८७ चा कलेक्टर विरुद्ध मुसम्मात कातिजी हा काश्मीरचा खटला वकील आवर्जून सांगतात. उशीर करून कोणाचा फायदा होत नसतो, तेव्हा प्रत्येक दिवसाचा हिशेब कोत्या नजरेने मागू नये, अशी त्याची दिशा होती. मात्र आताची न्यायालयं वर्षानुवर्षांच्या उशिराला इतक्या सैल हाताने माफ करत नाहीत. कौटुंबिक प्रकरणात तर दुसऱ्या बाजूचं आयुष्य पुढे गेलेलं असतं, दुसरा निकाह झालेला असतो, मुलं असतात. ते उलटवताना कुठलाही न्यायाधीश दहादा विचार करतो.

अर्ज नामंजूर झाला तर जिल्हा न्यायालयाच्या अशा हुकुमावर उच्च न्यायालयात अपील आहे, उच्च न्यायालयाच्या हुकुमावर सर्वोच्च न्यायालयात परवानगी मागावी लागते. तो रस्ता खर्चाचा आहे, एवढंच सांगतो.

नोटीस न घेणाऱ्यांसाठी

आतापर्यंत अपील करणाऱ्याचं बोललो. ज्याच्याविरुद्ध अपील झालं तो आला नाही तर अपील खारीज होत नाही, ते त्याच्या पाठीमागे ऐकलं जातं आणि निकाल त्याच्याविरुद्ध जाऊ शकतो. नोटीस नीट बजावली गेली नव्हती किंवा न येण्याला पुरेसं कारण होतं, हे दाखवलं तर नियम २१ खाली फेरसुनावणी मागता येते. त्याची मुदतही ३० दिवस, पण इथे नोटीसच मिळाली नसेल तर मुदत हुकूम कळल्यापासून मोजतात.

आमच्याकडे एक जुनी समजूत घट्ट बसलेली आहे: नोटीस घेतली नाही तर केस पुढे जात नाही. बेलिफ आला की 'घरी कोणी नाही' सांगायचं, पोस्टमनला पाकीट परत न्यायला लावायचं. नाकारलेली नोटीस कायद्याने बजावलेलीच धरली जाते. सर्वोच्च न्यायालयाचा २०११ चा एक निकाल आहे. पत्नीने समन्स नाकारलं, मग दारावर चिकटवून आणि वर्तमानपत्रात देऊन बजावणी झाली, १९८९ मध्ये एकतर्फी घटस्फोट झाला. नवऱ्याने पुढे दुसरं लग्न केलं, मुलं झाली. चार वर्षांनी पत्नीने हुकूमनामा रद्द करण्याचा अर्ज केला. उच्च न्यायालयाने तिचं ऐकलं, पण सर्वोच्च न्यायालयाने एकतर्फी हुकूमनामा कायम ठेवला. खटला हिंदू कुटुंबाचा होता, नियम सगळ्यांना तोच आहे.

कौटुंबिक न्यायालयातच एकतर्फी हुकूमनामा झाला असेल तर दोन वाटा असतात. एक, त्याच न्यायालयात नवव्या आदेशाच्या नियम १३ खाली तो रद्द करण्याचा अर्ज. दोन, वरच्या न्यायालयात अपील. आता नियम १३ खालचं स्पष्टीकरण लक्षात घ्या: तुम्ही अपील केलंत आणि ते तुम्ही स्वतः मागे घेतल्याशिवाय दुसऱ्या कुठल्याही कारणाने निकालात निघालं, तर खालच्या न्यायालयातला अर्ज मग चालत नाही. 'दुसरं कुठलंही कारण' यात गैरहजेरीही येते. म्हणजे अपील टाकून विसरलेल्या माणसाची पहिली वाटही त्याच दिवशी बंद होते. कोणती वाट धरायची हे वकिलाला सुरुवातीलाच विचारावं, आणि दोन्ही धरल्या असतील तर अपिलाची तारीख अजिबात चुकवू नये.

बेपत्ता शोहरच्या बाबतीत १९३९ चा कायदा अधिक सावध आहे. चार वर्षं ठावठिकाणा नसेल तर बाई विवाह विच्छेद मागू शकते, पण दाव्यात त्याच्या वारसांची नावं द्यावी लागतात, त्यांना नोटीस जाते, त्याचा चुलता आणि भाऊ असतील तर ते वारस नसले तरी त्यांना पक्षकार करावं लागतं. हुकूमनामा झाल्यावरही तो सहा महिने अमलात येत नाही. त्या सहा महिन्यांत नवरा स्वतः किंवा अधिकृत माणसामार्फत आला आणि संसाराची जबाबदारी घ्यायला तयार असल्याचं त्याने न्यायालयाला पटवलं, तर हुकूमनामा रद्द होतो. गैरहजर माणसाला एवढी लांब मुदत कायद्याने क्वचितच दिली असेल.

पोटगीचं गणित वेगळं

दर महिन्याच्या पोटगीला लोक सरसकट 'अपील केलंय' म्हणतात. जुन्या फौजदारी संहितेचं कलम १२५, १ जुलै २०२४ पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं कलम १४४, याखालच्या हुकुमावर अपील नसतं. त्यावर उच्च न्यायालयात पुनरीक्षण, म्हणजे रिव्हिजन होते. आणि रिव्हिजन गैरहजेरीसाठी खारीज करायची नसते, ती कागद बघून गुणदोषावर ठरवायची असते, असं सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये सांगितलंय. ऐकायला हे बरं वाटतं. प्रत्यक्षात अर्थ असा की तुम्ही आला नाहीत तरी न्यायाधीश निकाल देऊ शकतात, तो निकाल खराखुरा असतो, आणि फौजदारी संहितेत सही झालेला निकाल त्याच न्यायालयाला फिरवता येत नाही. दिवाणी अपिलात गैरहजर राहिलात तर निदान दार ठोठावता येतं. रिव्हिजनमध्ये तुमची बाजू न ऐकताच निकाल लागून जाईल.

खाली, कौटुंबिक न्यायालयात पोटगीचा एकतर्फी हुकूम झाला असेल तर तो रद्द करायला तीन महिन्यांत अर्ज करावा लागतो, कारण सबळ दाखवून. 'तलाक दिलाय, आता ते कलम लागू नाही' असं समजून न जाणाऱ्या पुरुषांनी सर्वोच्च न्यायालयाचा १० जुलै २०२४ चा निकाल वाचून घ्यावा. घटस्फोटित मुस्लिम स्त्रीलाही या कलमाखाली पोटगी मागता येते, हे त्यात स्पष्ट झालंय.

तारीख हातातून का सुटते

कौटुंबिक न्यायालयात पक्षकाराला स्वतः जावं लागतं. तिथे वकील मिळणं हा हक्क नाही, न्यायालयाच्या परवानगीने तो उभा राहतो. समुपदेशकाकडे बसावं लागतं. त्यामुळे सवय असते, तारीख तोंडपाठ असते. उच्च न्यायालयात अपील गेलं की वकील उभा राहतो, आपण घरी. सुरुवातीचे काही महिने फोन होतात. मग अपील दाखल करून घेतलं जातं आणि वर्षानुवर्षं बोर्डावर लागत नाही. लागतं तेव्हा वकिलाचं ऑफिस बदललेलं असतं, आपला नंबर बदललेला असतो.

शिवाय सुनावणीच्या आधीच अपील जाण्याची एक वाट आहे. कागदात त्रुटी असतील तर कोर्टाचं ऑफिस हरकती काढतं: कुठे पान अस्पष्ट, कुठे भाषांतर नाही, कुठे शिक्का कमी. उर्दूतला निकाहनामा किंवा तलाकनामा जोडलेला असेल आणि त्याचं भाषांतर नसेल, तर हरकत हमखास निघते. त्या मुदतीत दूर केल्या नाहीत तर अपील आपोआप खारीज होईल, असा सशर्त हुकूम होतो. त्या दिवशी पुकाराही होत नाही. अपील दाखल केल्यावर पहिले दोन-तीन महिने वकिलाला एवढंच विचारत राहावं: ऑब्जेक्शन निघाले का?

प्रत्येक प्रकरणाला सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर नंबर असतो. तो ई-कोर्ट्सच्या मोफत ॲपमध्ये टाकला की पुढची तारीख आणि झालेले हुकूम दिसतात. हा नंबर वकिलाकडून पहिल्याच दिवशी घेऊन निकाहनाम्याच्या फाइलवर लिहून ठेवावा. नववीतलं पोर ते ॲप दोन मिनिटांत चालवतं, आम्ही वर्गात बघितलंय. महिन्यातून एकदा जुम्याला बघायचं असं ठरवलं तरी पुरे.

कुठल्या पीठाकडे अपील आहे हेही पक्कं माहीत हवं. मालेगाव, भिवंडी, मुंब्रा मुंबईला जातात. मराठवाडा, जळगाव, धुळे, नंदुरबार, अहिल्यानगर औरंगाबाद खंडपीठाला, विदर्भ नागपूरला. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग त्याच्याकडे आले. सोलापूर, मिरज, रत्नागिरी, चिपळूणच्या ज्या घरांनी पूर्वी मुंबईत अपील टाकलं होतं त्यांनी आपलं प्रकरण आता कुठल्या बोर्डावर आहे हे लगेच बघावं. मुंबईचा वकील कोल्हापूरला जाणार आहे का, की तिथे दुसरा वकालतनामा द्यायचा, हे त्याला स्पष्ट विचारावं.

कोकणातल्या पुष्कळ घरांत एक पक्षकार आखातात असतो. तारखेला येता येत नाही म्हणून अपील जाऊ द्यायचं कारण नाही. वकिलाची हजेरी पुरते. सह्या-प्रतिज्ञापत्रांसाठी भावाला किंवा वडिलांना भारतीय दूतावासातून साक्षांकित मुखत्यारपत्र पाठवता येतं. जिथे स्वतःच बोलायचंय तिथे व्हिडिओवरून हजर राहण्याचा अर्ज करता येतो. पत्ता बदलला तर तो कोर्टात लेखी कळवावा. जुन्या पत्त्यावर गेलेली नोटीस परत आली तर दोष आपल्याच माथी येतो.

वकिलाची फी देणं जमत नाही म्हणूनही कितीतरी बायका अपील सोडून देतात. विधी सेवा प्राधिकरण कायदा १९८७ च्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना आणि मुलांना मोफत वकील मिळतो, उत्पन्न किती हे न बघता. पुरुषांना उत्पन्नाची मर्यादा आहे. उच्च न्यायालयासाठी वेगळी विधी सेवा समिती असते, जिल्ह्यासाठी जिल्हा कोर्टाच्या आवारातलं प्राधिकरण, फोन १५१००. अपील आधीच डिफॉल्टमध्ये गेलेलं असेल तर ते परत घेण्याच्या अर्जासाठीही तिथून वकील मागता येतो. जाताना खारजेचा हुकूम, कौटुंबिक न्यायालयाचा निकाल, निकाहनामा आणि आधार कार्ड सोबत न्यावं, आणि हुकुमावरची तारीख लाल पेनाने गोल करून न्यावी, म्हणजे तीस दिवसांतले किती उरलेत हे समोरच्याला पहिल्या नजरेत दिसेल.